आव्याचं प्रकरण

राजानंद शिरसाठ मास्तर वारले, तेव्हा त्यांच्या चारही कादंबऱ्या बाजारातून कधीच्याच नाहीशा झाल्या होत्या. जादूच्या मुलखांच्या कादंबऱ्या, आणि त्याही एका ख्रिस्ती शाळामास्तराने जालन्यात बसून लिहिलेल्या. हयातीत त्यांना ना मान मिळाला ना शिव्या. मास्तर हसून म्हणायचे, "माझं पुस्तक म्हणजे लग्नातला दूरचा पाहुणा. जेवला का, असं कुणी विचारत नाही."

त्यांची लेक साधना मात्र हसण्यावारी नेणारी नव्हती. ती एका खासगी दवाखान्यात नर्स होती, स्वभावाने तडकफडक. वडिलांची पहिली कादंबरी 'कच्चेनगर' पुन्हा छापून आणायची, एवढं तिने मनात घेतलं होतं. संभाजीनगरच्या एका प्रकाशकाने होकार कळवला, त्या दिवशी तिने अख्ख्या वॉर्डाला पेढे वाटले. तिथंच घाई झाली.

प्रकाशकाकडे आदिनाथ नावाचा तरुण संपादक होता. गोड बोलणारा, चहा मागवणारा.

"ताई, पुस्तक भन्नाट आहे," तो म्हणाला. "कच्च्या मातीची माणसं, पावसाला भिऊन सगळ्या शहरावर एकच छप्पर घातलेलं, त्या छपराची मालकीण चेटकीण. मुलं उड्या मारतील. फक्त शेवटचं आव्याचं प्रकरण तेवढं काढू."

साधनाला वाटलं, आपण चुकीचं ऐकलं. आवा म्हणजे कुंभाराची भट्टी. मास्तरांचा जन्म कुंभार पिंपळगावचा. लहानपणी ते आव्याच्या धगीशी बसून गाडगी पक्की होताना बघायचे, आणि कादंबरी त्या धगीतूनच निघाली होती. कच्चेनगरच्या माणसांना भाजल्याशिवाय पावसात उभं राहता येणार नसतं, पण आगीत जायला कुणी धजत नाही. मग ज्या कुंभाराने ती माणसं घडवली, त्याचा मुलगा स्वतः आव्यात शिरतो. सगळे त्याला मेला म्हणून रडतात. आवा उघडतो, तो बाहेर येतो आणि चालत पावसात जातो.

"तेच काढलं तर उरलं काय?" तिने विचारलं.

"उरलं ना! चेटकिणीचं छप्पर वाऱ्याने उडालं, ऊन पडलं, माणसं वाळून पक्की झाली. संपली गोष्ट. ताई, मला वैयक्तिक काहीच अडचण नाही. पण हल्ली दिवस कसे आहेत, बघताय ना. कुणीतरी म्हणायचं, धर्मप्रचार आहे."

"अहो, उन्हात वाळलेलं मडकं पाण्यात टाकून बघा एकदा!"

आदिनाथ हसला. त्याला वाटलं, ताईंनी विनोद केला.

परतीच्या बसमध्ये साधना बदनापूरपर्यंत धुमसत होती. मग तिला वाटलं, आपली माणसं तरी पाठीशी उभी राहतील. मास्तरांच्या स्मृतिदिनाला चर्चच्या हॉलमध्ये कार्यक्रम ठेवावा, मंडळींनी पुस्तकासाठी दोन शब्द बोलावेत, असं म्हणायला ती रविवारी उपासनेनंतर पाळकसाहेबांना भेटली.

पाळक नवे होते. त्यांनी पुस्तक ठेवून घेतलं आणि पुढच्या रविवारी परत दिलं.

"शेवटचं प्रकरण फार सुंदर आहे, साधनाताई. उपदेशात घेण्यासारखं. पण त्याच्या आधी सगळी चेटकीण, मंत्र, बोलणारी कोल्ही. आपल्या लेकरांनी असलं वाचावं का? कमिटीचं मत असं पडलं, की एवढं शेवटचं प्रकरण पुस्तिका म्हणून छापू. बाकीचं राहू द्या."

साधनाने पुस्तक पर्समध्ये कोंबलं. "एकाला धड पाहिजे, एकाला मुंडकं. माझ्या बापाला सगळे मिळून कापूनच टाका."

"असं बोलू नये, ताई."

"मंग कसं बोलू?" ती म्हणाली आणि सलामही न करता निघाली. जिना उतरताना तिच्या डोळ्यांत पाणी आलं, त्याचाही तिला संताप आला.

त्यानंतर दवाखान्यातल्या रुग्णांनीही तिच्या हातचं इंजेक्शन जरा जपूनच घेतलं. दरम्यान आदिनाथचे फोन चालूच होते. ठरवा ताई, चित्रकार थांबलाय. एके दिवशी ती इतकी वैतागली की म्हणाली, "काढा काय काढायचं ते." आणि फोन ठेवल्यावर तिला जेवण गेलं नाही.

दुसऱ्या दिवशी ती उशांना अभ्रे घ्यायला जुन्या जालन्यात गेली. गल्लीत रिक्षा अडकलेल्या, हॉर्नचा कलकलाट. गयासोद्दीन चाचांचं कापडाचं दुकान तिथंच होतं. शाळा सुटली की मास्तर रोज या दुकानात येऊन बसायचे आणि दोघं चहावर वाद घालायचे, हे तिला ठाऊक होतं. पण वडील गेल्यापासून तिचं पाऊल तिकडे पडलं नव्हतं. चाचा आता थकले होते. गल्ल्यावर त्यांची सून फरहाना बसायची, आणि चाचा गादीवर तक्क्याला टेकून गिऱ्हाइकांना सल्ले द्यायचे.

"मास्तरची साधना ना तू? ये बेटी, बैस. फरहाना, चाय सांग जल्दी."

चहा येईपर्यंत साधनाने सगळं सांगून टाकलं. सांगताना आवाज चढला, दोन गिऱ्हाइकं वळून बघायला लागली. चाचा ऐकत राहिले. मग एकदम ताठ झाले.

"आव्याचं काढायला तू हो म्हनलीस?"

"काय करू, चाचा? कुणालाच नको ते. तुम्हाला तरी कुठं पटत होतं? बाबा सांगायचे, चाचा रोज भांडतात म्हणून."

"न्हाईच पटत! आजबी पटत न्हाई. एकाची भाजनी दुसऱ्याच्या कामी कशी यील? ज्याची माती त्यानंच भाजाय पायजे. मी तुझ्या बापाला बराबर हेच म्हनायचो. तो म्हनायचा, चाचा, पह्यलं कोनी जाऊन आलं तर बाकीच्याचं भ्या जातं. मी म्हनायचो, मंग तेवढंच लिही, बापलेकाचं कशाला लिहितोस? लई भांडलो आम्ही." चाचांनी बशी खाली ठेवली. "पर ते वाचलं तवा मी याच गादीवर रडलोय, बेटी. तीस साल झाले, मी त्या परकरनाशी भांडून राह्यलो. ते काढलं तर मी भांडू कोनाशी?"

साधना उठून उभी राहिली. पुस्तक आवडलेली माणसं तिने शोधली होती. ज्याला ते पटत नाही, तोच ते असं जपून असेल, हे तिच्या ध्यानीमनी नव्हतं. अभ्रे घ्यायचे राहूनच गेले. बाहेर येऊन तिने रिक्षांच्या गोंगाटातच आदिनाथला फोन लावला.

"पूर्ण छापणार असाल तर छापा. नाहीतर माझा नकार आहे."

"ताई, पण काल तुम्ही…"

"काल मी चुकले."

आदिनाथने दोन दिवसांची मुदत मागितली आणि मग ईमेलवर दिलगिरी कळवली. पुस्तक गेलं. साधना त्या रात्री नवऱ्यावर विनाकारण ओरडली.

स्मृतिदिनाचा कार्यक्रम तिने हट्टाने केलाच, एका शाळेचा वर्ग मागून घेऊन. माणसं जेमतेम वीस. प्रमुख पाहुण्यांनी पुस्तक वाचलंच नव्हतं. ते मराठवाड्याच्या साहित्यपरंपरेवर बोलत राहिले, बोलत राहिले, आणि मास्तरांचं नाव दोनदा 'राजेंद्र' असं घेऊन बसले. साधनाने दात आवळून आभार मानले आणि स्वतः उभी राहून आव्याचं प्रकरण वाचायला घेतलं. तिला वाचायची सवय नव्हती. वाक्यं अडखळत होती, माईक खरखरत होता. तरी कुंभाराचा मुलगा आव्याचं तोंड आतून लिंपून घेतो, तिथं वर्ग गप्प झाला.

वाचन संपताच चाचा काठी टेकत उठले. "मला हे मंजूर न्हाई," ते म्हणाले आणि आपला जुना मुद्दा मांडायला लागले. मागे बसलेल्या पाळकसाहेबांना राहवलं नाही. ते उत्तर द्यायला उठले. कोल्ही आणि चेटकीण विसरून ते त्या प्रकरणाच्या बाजूने असे भांडले की जणू त्यांनीच लिहिलं होतं. प्रमुख पाहुणे घड्याळ बघत निघून गेले. साधनाला मधेच हसू फुटलं आणि लगेच वाईटही वाटलं. हा वाद ऐकायला बाबा पाहिजे होते.

खुर्च्या उचलताना कॉलेजातली एक मुलगी जवळ आली. तिने नाव सांगितलं शीतल.

"मॅडम, पुस्तक कुठं मिळंल?"

"कुठंच नाही," साधना फटकन म्हणाली. "माझ्याकडं एकच प्रत आहे, आणि ती मी आता कुणाला देत नाही."

मुलीचा चेहरा उतरला. पण ती गेली नाही. "मंग फोटो काढू का? मोबाईलवर?"

साधना थकली होती, पाय दुखत होते, वर्गाची किल्ली परत द्यायची होती. तिने पुस्तक बाकावर उघडून धरलं. शीतलने पहिल्या पानाचा फोटो काढून दाखवला.

"दोन ओळी अंगठ्याखाली गेल्या," साधना वैतागून म्हणाली आणि पानावरचा आपला अंगठा बाजूला घेतला. "परत काढ. आणि पहिल्यापासून काढ, सगळं."