लाटसाहेबाची शिट्टी

बराकपूरच्या त्या गल्लीत गुढी उभारणारं घर एकच, श्यामराव देवस्थळींचं. दर पाडव्याला कुणीतरी नवा भाडेकरू विचारायचाच, की काठीवर तांब्या उलटा का टांगलाय, पाणी संपलंय का? मग श्यामराव त्याला गाठून पंधरा मिनिटं समजावून सांगायचे. जन्म कलकत्त्यातला, बंगाली अस्खलित, त्यामुळे ऐकणाऱ्याची लवकर सुटका नसायची.

यंदा मात्र समजावून सांगायला वेळच मिळाला नाही. गुढी उभी राहिली, लीलाताईंची जांभळी साडी वाऱ्यानं फुगली, तांब्या काठीवर ठणकन आपटला आणि अंगणात दाणे टिपत असलेला लाटसाहेब किंचाळून भिंतीवर चढला. भिंतीवरून गल्लीत, गल्लीतून समोरच्या तारेवरून लष्कराच्या मैदानात, आणि तिथल्या कमरेएवढ्या गवतात दिसेनासा. श्यामरावांच्या हातात बत्ताशांची माळ तशीच राहिली. इथे साखरेच्या गाठी मिळत नाहीत म्हणून लीलाताई दर वर्षी बत्ताशे ओवतात.

लाटसाहेब म्हणजे टर्की. कोंबड्याच्या चौपट, डोकं निळं, गळ्याला लाल लोंबणारं कातडं आणि चाल अशी, की सगळी गल्ली आपल्याच बापाची. तो शेजारच्या बौदींचा, म्हणजे बंगाली वहिनींचा. त्यांचे यजमान निमाईदा हे श्यामरावांचे जिवलग मित्र. त्यांनीच तो पिलू असताना आणून हातानं भरवून वाढवला होता. मागच्या वर्षी निमाईदा गेले आणि त्या घरात बौदी आणि लाटसाहेब एवढेच उरले. आता मुलीला बाळ झालं म्हणून बौदी बंगळुरूला निघाल्या, तेव्हा त्याला श्यामरावांच्या अंगणात सोडून म्हणाल्या होत्या, “रविवारी येतेच. तुमच्याकडे आहे म्हणून मला काळजी नाही, श्यामबाबू.”

आणि पाडवा होता बुधवारी.

“अहो, त्याला आधी खोलीत कोंडायला नको होतं का?” लीलाताई म्हणाल्या.

“तुझीच साडी पाहून पळालाय तो!”

“माझी साडी तीस वर्षं गुढीला लागतेय. आजवर एकसुद्धा पक्षी पळाला नाही.”

श्यामराव चपला अडकवून तारेपाशी गेले. आत जायची सोय नव्हती, म्हणून कुंपणाच्या कडेकडेनं हाका मारत फिरले, “लाटसाहेब! ओ लाटसाहेब!” पहाऱ्यावरच्या जवानानं विचारलं, “किसको बुला रहे हैं, बाबूजी?” श्यामराव म्हणाले, “लाटसाहब को.” छावणीच्या दारात उभं राहून हे असलं काही बोललं, की पुढची दहा मिनिटं ओळखपत्र दाखवण्यात जातात. तशीच गेली.

संध्याकाळी साडेपाचला बौदींचा फोन आला. श्यामराव खरं सांगणार होते. अगदी वाक्य जुळवून बसले होते. पण पलीकडून बौदींनी इतक्या मायेनं विचारलं, “कसा आहे माझा लाटसाहेब?” की तोंडातून भलतंच बाहेर पडलं, “मजेत आहे. खाल्लं आणि झोपला.”

फोन ठेवल्यावर लीलाताई म्हणाल्या, “आता उद्याही हेच सांगावं लागेल.”

गुरुवारी पुन्हा शोध, पुन्हा हाका. गल्लीतली निम्मी माणसं मदतीला आली आणि उरलेली निम्मी सल्ला द्यायला. कुणी म्हणालं कोल्ह्यानं नेला असेल, कुणी म्हणालं नेला नसेल तर आज नेईल. श्यामरावांना रडूच यायचं बाकी होतं. निमाईदाची शेवटची आठवण आपण घालवली, आणि तीही सणाच्या दिवशी, हे त्यांच्या मनातून जाईना. साडेपाचला फोन वाजला. “खाल्लं आणि झोपला,” ते म्हणाले.

“फारच लवकर झोपतो हो तुमच्याकडे,” बौदी म्हणाल्या. “उद्या जरा जागा ठेवा त्याला. मला त्याचा आवाज ऐकायचाय.”

श्यामरावांचं धाबं दणाणलं. त्यांनी लगेच मुलाला फोन लावला. सलील दातांचा डॉक्टर, दवाखाना हावड्यात, बिऱ्हाडही तिकडेच. सगळं ऐकून तो आधी पोटभर हसला आणि मग म्हणाला, “बाबा, सरळ खरं सांगून टाका ना.”

“कसं सांगू? ती बाई तिकडे नातवाला मांडीवर घेऊन बसली असेल आणि मी इकडून हे सांगू?”

तासाभरानं सलीलचा निरोप आला, सोबत एक व्हिडिओ. अमेरिकेत टर्कीची शिकार करणारे लोक म्हणे तोंडात एक चकती धरतात आणि तिच्यातून हुबेहूब टर्कीचा आवाज काढतात. घोड्याच्या नालेसारखी पत्र्याची चौकट, तिच्यावर ताणून बसवलेलं पातळ रबर, आणि ते सगळं टाळूला चिकटवून, जीभ दाबून फुंकायचं. लोक ती घरच्या घरी बनवतातसुद्धा.

श्यामरावांनी तो व्हिडिओ चारदा पाहिला. पाचव्यांदा पाहताना ते ताडकन उठून बसले.

“अगं लीला, ही तर कवळीच आहे!”

आता हे ध्यानात घ्या, की कलकत्त्यात एस्प्लनेडच्या मागच्या एका गल्लीत श्यामरावांनी चव्वेचाळीस वर्षं दातांच्या कवळ्या बनवल्या होत्या. डॉक्टर साचे पाठवायचे आणि हे त्यावरून कवळी घडवायचे. वकील, प्राध्यापक, ‘जात्रा’ या बंगाली लोकनाट्यातले नट, सगळ्यांच्या टाळूंचे चढउतार यांना पाठ. मग ते काम यंत्रावर व्हायला लागलं, खुद्द सलीलनंच तसलं यंत्र घेतलं, आणि दोन वर्षांपूर्वी श्यामरावांनी दुकानाला कुलूप लावलं. तेव्हापासून बापलेकांचं बोलणं तब्येत आणि हवामान यापलीकडे फारसं जात नव्हतं.

“तुझ्याकडे ते पातळ रबर असतं ना, दाताभोवती लावायचं?” त्यांनी सलीलला विचारलं. “ते घेऊन ये. जास्त आण.”

शुक्रवारी सकाळी दवाखाना बंद ठेवून सलील पलतीरावरच्या श्रीरामपूरपर्यंत लोकलनं आणि तिथून नावेनं गंगा ओलांडून आला. तोवर श्यामरावांनी माळ्यावरून आपली अवजारांची पेटी काढली होती. थंड पेयाच्या डब्याचा पत्रा कापून त्यांनी नालेसारखी चौकट केली, कडा कानशीनं घासून मऊ केल्या, रबराचे दोन पदर एकावर एक ताणून बसवले आणि भोवती दवाखान्यातली चिकटपट्टी लावली. काम देखणं झालं. त्यांनी ऐटीत ती चकती तोंडात घातली आणि फुंकर मारली.

चकती हलली नाही. त्यांची वरची कवळी मात्र सुटून पुढ्यात पडली.

लीलाताई इतक्या हसल्या, की त्यांना भिंतीला धरावं लागलं. चव्वेचाळीस वर्षं दुसऱ्यांच्या टाळूंचा अभ्यास केलेल्या माणसाला आपल्या टाळूवर आधीच एक टाळू बसवलेली आहे, हे आठवू नये म्हणजे कमाल!

“मग तू,” श्यामराव सलीलला म्हणाले. “बस खुर्चीवर. साचा घ्यायला हवा. अशी उगाच बसवलेली चकती जिभेवर घसरते.”

“बाबा, मी दवाखान्यात स्कॅन करून...”

“आ कर.”

सलीलनं आ केला. श्यामरावांनी गुलाबी लुगदी कालवली, पाळ्यात, म्हणजे साच्याच्या तबकडीत, भरली आणि मुलाच्या टाळूला दाबून धरली. त्यांची बोटं अजिबात कापत नव्हती. लुगदी घट्ट व्हायला तीन मिनिटं लागतात आणि तेवढा वेळ माणसाला बोलता येत नाही. ही संधी श्यामराव सोडणार थोडेच?

“दिवाळीनंतर तू आज येतोयस,” ते म्हणाले. “यंत्र घेतलंस त्याचा मला राग नाही. आधी होता, आता नाही. पण घेण्यापूर्वी मला एकदा दाखवायला न्यायचंस ना रे. मीसुद्धा पाहिलं असतं कसं चालतं ते. एवढंच.”

सलील “आँ... आँ...” करत राहिला. त्याचे डोळे भरून आले होते, पण तोंडात पाळं असलं की बऱ्याच जणांचे येतात, म्हणून श्यामरावांनी तिकडे पाहिलं नाही. पाळं निघाल्यावर सलीलनं चूळ भरली आणि बराच वेळ तो टॉवेलनं तोंड पुसत राहिला. मग म्हणाला, “पुढच्या शनिवारी चला. दाखवतो.”

साच्यावरून श्यामरावांनी चौकटीला नेमका बाक दिला. पहिल्या फुंकरीला आवाज आला तो नळाला हवा सुटल्याचा. दुसऱ्या वेळी रबर सैल केलं, तर सायकलचा ब्रेक करकरला. लीलाताई स्वयंपाकघरातून सारख्या सूचना करत होत्या, त्यातली एकही कामाची नव्हती. शेवटी वरच्या पदराला श्यामरावांनी बारीक कात्रीनं दोन तिरके छेद दिले, सलीलनं जीभ दाबून फुंकलं आणि खोलीत जिवंत पाखरू असल्यासारखं वाजलं, “क्यॉक, क्यॉक, क्यॉक!”

“जमलं!” श्यामराव ओरडले. “अस्संच वाजव. जास्त शहाणपणा करू नकोस.”

साडेपाचला फोन आला. श्यामरावांनी तो खिडकीत सलीलसमोर धरला. “ऐका हं बौदी, जागा ठेवलाय,” असं म्हणताना त्यांच्या कपाळावर घाम होता. सलीलनं वाजवलं. एकदा, दोनदा.

आणि मग मैदानाच्या टोकाच्या शिरिषावरून, अगदी लांबून पण स्पष्ट, उत्तर आलं, “गळगळगळगळगळ!”

सलीलच्या तोंडातली चकती गिळली जायची तेवढी राहिली.

“बरं वाटलं,” बौदी फोनवर म्हणाल्या. त्यांचा आवाज जरा वेगळा लागला. “ठेवते आता.”

त्या रात्री श्यामरावांचा डोळा लागला नाही. जिवंत आहे! एवढ्या एका गोष्टीनं त्यांना उठून नाचावंसं वाटत होतं. शनिवारी उजाडताच बापलेक फाटकावर हजर झाले. तिथल्या सुभेदारानं सगळी हकिगत ऐकली, पुन्हा एकदा ऐकली, हवालदाराला बोलावून त्यालाही ऐकवली, आणि आठ वाजेपर्यंत आत जायची परवानगी दिली. सलील झाडाआड बसला आणि वाजवू लागला. क्यॉक, क्यॉक. गवत हललं. आधी निळं डोकं दिसलं, मग सगळा लाटसाहेब, शेपटीचा पंखा उघडून, छाती फुगवून, पंख जमिनीला घासत ठुमकत ठुमकत निघालेला. वसंताचे दिवस, त्यात मादीची हाक. बिचाऱ्याचा काय दोष?

सलील वाजवत पाठमोरा मागे सरकत राहिला, लाटसाहेब नाचत पुढे येत राहिला आणि फाटकाशी श्यामरावांनी त्याच्यावर गोधडी टाकून त्याला कवेत घेतला. त्यानं दोन चोची मारल्या. श्यामरावांनी त्याच्या डोक्यावर आपलं डोकं टेकवलं आणि मराठीत चार सणसणीत शिव्या दिल्या. जीव भांड्यात पडला म्हणजे काय ते त्यांना तेव्हा कळलं. त्या संध्याकाळी बौदींना “खाल्लं आणि झोपला” असं सांगताना ते चार दिवसांत पहिल्यांदाच खरं बोलत होते.

रविवारी बौदी आल्या. बॅग दारात टाकून आधी अंगणात गेल्या, लाटसाहेबाच्या पाठीवरून हात फिरवला, त्यानं त्यांच्या पदरात चोच खुपसली. लीलाताईंनी सकाळपासून बजावलं होतं, “झालं गेलं विसरा. उगाच म्हाताऱ्या जिवाला घोर कशाला?” श्यामरावांनी मानही डोलावली होती.

“इतके दिवस मी निश्चिंत होते,” बौदी म्हणाल्या, “तुमच्याकडे होता म्हणून.”

आता मात्र श्यामरावांना राहवेना.

“नव्हता, बौदी. पाडव्यालाच पळाला. गुढीला बुजला. तीन दिवस मी तुमच्याशी खोटं बोललो आणि शुक्रवारी जो आवाज ऐकवला तो सलीलचा. मला माफ करा.”

बौदी पायरीवर बसल्या.

“मला माहीत होतं. पाडव्याच्या दुपारपर्यंत या गल्लीतून मला सहा फोन आले होते.”

लीलाताई पाणी घेऊन आल्या होत्या, त्यांनी तांब्या बौदींच्या शेजारी पायरीवर ठेवला.

“आणि तो आवाज मादीचा होता,” बौदी म्हणाल्या. “अकरा वर्षं नर सांभाळलाय मी. नंतर लांबून आला तो माझ्या लाटसाहेबाचा. तो ऐकला आणि रात्री मी जेवले.”

“पण माहीत होतं, तर आवाज ऐकवा म्हणून का सांगितलंत?” श्यामरावांनी विचारलं.

“रागानं! म्हटलं, आता बघू काय करतात श्यामबाबू. आणि गुरुवारी फोन ठेवल्यावर घाबरले, आता कबूल करून टाकाल म्हणून. रोज तुम्ही खोटं बोलत होतात, तोवर मला ठाऊक होतं की शोधणं चालू आहे. खरं सांगितलं असतंत, तर त्याचा अर्थ हात टेकलेत तुम्ही.” त्यांनी पदरानं डोळे पुसले. “शुक्रवारी फोन लावण्यापूर्वी मी देवापुढे हात जोडून बसले होते, की श्यामबाबूंना आज खरं बोलायची बुद्धी देऊ नकोस.”