येसाच्या मडक्यातला विस्तव

आमचे आबा हट्टी. म्हातारपणी सगळेच होतात म्हणा, पण आबा पाळण्यातूनच तसे उतरले असणार. नाहीतर बायको अंथरुणाला खिळलेली, डॉक्टरांनी ‘आता घरी न्या, खावंसं वाटेल ते द्या’ म्हणून हात टेकलेले, आणि तिनं आयुष्यात पहिल्यांदा तोंड उघडून काही मागितलेलं. अशा वेळी कोणता शहाणा माणूस नाही म्हणेल?

आणि मागितलं तरी काय? एका गोष्टीचा शेवट.

मायला मी शहरात, गारखेड्याला माझ्या घरी आणलं होतं. आबा तिच्या मागोमाग गावाहून, सिल्लोडच्या पलीकडून आले आणि घरात पंखा असताना घोंगडी टाकून ओट्यावर बसले. भिंतीच्या आत त्यांचा जीव गुदमरतो. जन्म मेंढरांमागं गेला ना. बहात्तरच्या दुष्काळात मेंढरं विकली तरी माणूस आतून तसाच राहिला. जेवायला बोलावलं तरी आधी रस्त्याकडे एकदा बघायचे आणि मग आत यायचे.

येसाची गोष्ट ही आमच्या घराण्याची. दिवाळी झाली की माणसं मेंढरं घेऊन निघायची, पावसाच्या तोंडावर परतायची. वाटेत भर दुपारी मेंढरं झाडाखाली बसली की जाणत्यानं ती गोष्ट थोडी थोडी सांगायची. काळोखाच्या राजानं सूर्य गिळला, गावोगावच्या चुली विझल्या, शेवटच्या चुलीतला विस्तव मडक्यात घालून धनगरांचा येसा उगवतीकडे निघाला. उगवतीच्या डोंगरात सूर्याची चूल आहे, तिच्यात हा विस्तव नेऊन ठेवला की ती पेटेल. वाटेत बोलणाऱ्या शिळा, माणसं गिळणारं धुकं, सात खिंडी आणि प्रत्येक खिंडीत एक राक्षस. लहानपणी त्या धुक्याच्या भीतीनं मी मायच्या पदरात तोंड खुपसायचे.

पण शेवट वाटेत सांगायचा नाही. सगळे तांडे गावात परतले, एकूण एक माणूस घरी पोचला की मगच शेवट सांगायचा आणि गूळ वाटायचा. एक जरी माणूस बाहेर असेल तर जाणत्यानं तोंड मिटून बसायचं. शेवट सांगितला की बाहेरच्या माणसाची वाट मिटते, असं आमच्यात मानतात. पोलीस ॲक्शनच्या आदल्या साली रझाकारांच्या धामधुमीत आबांचा थोरला भाऊ मुलखाबाहेर अडकला होता. तो मेल्याची आवई उठली आणि आजोबांनी रडत रडत शेवट सांगून टाकला. मागून कळलं, त्या दिवशी तो जिवंत होता, घराच्या वाटेवर होता. पोचला मात्र नाही. तेव्हापासून आबांनी तो नियम उराशी धरला तो धरलाच.

आणि आमच्या घरातला एक माणूस बाहेर होता. सांडू, माझा धाकटा भाऊ.

मेंढरं गेल्यावर सांडू सिल्लोडहून कापूस नेणाऱ्या ट्रकवर क्लीनर म्हणून लागला. एकदा गेला तो आलाच नाही. कोणी म्हणे सुरतेला दिसला, कोणी म्हणे तिकडेच लग्न करून बसला. वर्षांमागून वर्षं गेली. आबांनी गोष्ट दर साली सुरू केली आणि दर साली सातव्या खिंडीपाशी आणून सोडली. माय त्याच्या वाटणीची भाकरी झाकून ठेवायची. मी माहेरी गेले की दोघांची टिंगल करायचे. “येईल की, सासऱ्यानं घोड्यावर बसवून पाठवलाय, घोडं जरा हळू चालतंय,” असं म्हणायचे. माय हसायची. मी काही त्यांच्यासारखी भाबडी नाही. शहरात राहते, मला जग कळतं. जळगाव रोडला कापसाचा ट्रक दिसला की क्लीनरच्या बाजूला नजर जाते, पण ती नुसती सवय.

तर माय म्हणाली, “अवो, औंदा गोष्ट पुरी करा.”

आबा ओट्यावरून म्हणाले, “पोरगा आल्याबिगर नाय.”

“मला ऐकू द्या की एकदा.”

“तू बरी हो. गावाकडं जाऊ. तिथं ऐक.”

माझं डोकंच फिरलं. मी बाहेर जाऊन आबांना चांगलं फैलावर घेतलं. म्हटलं, “तिला धड पाणी गिळवत नाही आणि तुम्ही नियम सांगता? गोष्ट आहे ती, आबा. गोष्टीनं माणूस मरत नाही आणि जगतही नाही.”

“तुला काय कळतं त्यातलं,” एवढंच बोलून त्यांनी तोंड फिरवलं.

पण गोष्ट सांगायला ते रोज दुपारी आत येऊन बसायचे, हे मात्र खरं. त्यांनी गोष्ट लांबवायला घेतली. सहाव्या आणि सातव्या खिंडीच्या मधे मी कधी न ऐकलेला एक डोंगर निघाला. मग एक नदी निघाली. मग नदीत बोलणारा मासा. मी भांडी घासता घासता ऐकायचे आणि मला कळायचं, हे सगळं ते आत्ता रचत आहेत. गोष्ट चालू आहे तोवर माय मरणार नाही, असं त्या माणसानं मनाशी धरलं होतं. राग यायचा, तरी भांडी मी आवाज न करता घासायचे.

मायला मासा आवडला नाही. दुखण्यानं तिचा चेहरा ओढला होता. आबा माशाचं बोलणं रंगवत होते आणि तिनं हळूच त्यांच्या हातावर हात ठेवला.

“मल्हारीबुवा,” ती म्हणाली. नाव घेऊन तिनं हाक मारलेली मी कधी ऐकली नव्हती. “लई चालले मी. आता मीच बाहेर हाय. मला घरी पोचू द्या.”

आबांनी पटक्याच्या टोकानं तोंड पुसलं आणि मासा, नदी, डोंगर सगळं टाकून सरळ सातव्या खिंडीत गेले.

“येसा खिंडीतून वर आला,” ते म्हणाले. आवाज बारीक झाला होता. “डोईवर मडकं, मडक्यावर झाकण. मागं सगळी वाडी चालत हुती. म्हातारी माणसं, लेकुरवाळ्या. अंधार असा की हाताला हात दिसंना. राक्षसानं इचारलं, येसा, तुला भ्या वाटत नाय? येसा म्हनला, लई वाटतं. पर मागची माणसं माझ्या पायाच्या आवाजावर चालत्यात. पाय थांबला तर त्यास्नी कळंल मला भ्या वाटतं.”

मायनं डोळे मिटले होते. ओठ हलत होते. तिला सगळं पाठ होतं.

“मग समोर सूर्याची चूल आली. येसानं मडकं खाली उतरवलं. झाकणाला हात लावला...”

“थांबा, आबा!”

कोण ओरडलं ते मलाच आधी कळलं नाही. मी ओल्या हातांनी त्यांचा दंड धरला होता. मला त्या गोष्टीचा शेवट नीट आठवतही नव्हता, लहानपणी आम्हा पोरांचं लक्ष गुळाकडे. पण आबा आता ते झाकण उघडणार आणि सांडू कुठं तरी रस्त्यात असणार, हे एकदम माझ्या छातीवर येऊन बसलं. “नका सांगू,” मी म्हटलं. “सांडू यायचाय अजून.”

मायनं डोळे उघडले.

“मंजुळा,” ती म्हणाली, “सांगू दे त्यास्नी. सांडू नाय यायचा.”

आबांनी झटकन तिच्याकडे बघितलं.

“जोंधळ्याच्या कणगीत, पार तळाशी,” माय त्यांना म्हणाली, “त्याचा ताईत ठिवलाय तुमी, फडक्यात बांधून. मीच त्याच्या गळ्यात घातला हुता, मला वळखू येणार नाय व्हय? लई साल झाले. मी जसा हुता तसा परत ठिवला.”

मग आबा बोलले. सांडू गेल्याच्या दुसऱ्या साली त्यांना एका ड्रायव्हरकडून कळलं होतं. ट्रक घाटात दरीत कोसळला होता. ते एकटे तिकडे जाऊन आले, लोकांनी जिथं पुरलं होतं ती जागा बघितली, ताईत घेऊन आले. मायला सांगायची छाती झाली नाही. “ती भाकर झाकून ठिवायची,” ते मला म्हणाले, जणू मीच न्याय करणार होते. “कसं सांगू? तिला आस हुती.”

“मला कुठली आस,” माय म्हणाली. “तुमी रस्त्याकडं बघायचे म्हून झाकायचे मी.”

मायच्या सुकलेल्या तोंडावर हसू आलं, तसलं हसू मी पुन्हा कधी बघितलं नाही. आबांनी तिचा हात धरला आणि गोष्ट पुढं नेली, आता न थांबता. येसानं झाकण काढलं. आत नुसती राख. विस्तव तिसऱ्या खिंडीतच विझला होता आणि ते येसाला तेव्हाच कळलं होतं. मागच्यांना सांगितलं तर ती तिथंच बसतील म्हणून तो गार मडकं डोईवर घेऊन चालत राहिला. त्यानं मान खाली घातली. तर माणसं म्हणाली, आम्हाला ठाऊक होतं रे, धुराचा वास तेव्हाच बंद झाला. येसानं विचारलं, मग आलात कशाला एवढं? तू चालत होतास म्हणून. आणि येसानं चुलीत हात घातला, तर चूल गरमच होती. ती कधी विझलीच नव्हती. काळोखाच्या राजानं तशी नुसती आवई उठवली होती.

“आले सगळे,” आबा म्हणाले, आणि त्यांना हुंदका फुटला.

मी गूळ आणायला आत गेले. डबा उघडला आणि खाली बसले. माय गेली ती दोन दिवसांनी, शांतपणे. तिच्यासाठी मी नंतर रडले. त्या दुपारी स्वयंपाकघरात मी रडले ती सांडूसाठी, तो काल गेल्यासारखी. त्या दोघांनी आपलं रडू कधीच, एकेकट्यानं, एकमेकांना चोरून उरकलं होतं. सांडूची खरी वाट आमच्या घरात एकटी मीच बघत होते.