करप्याची कंबर

मंगळवारी सकाळी दहा वाजून वीस मिनिटांनी माझ्या अंगावरून एक शिळा सुटली आणि खाणीतल्या पोकलेनवर पडली. केबिन चेपली. चालक चहाला गेला होता, म्हणून वाचला.

ती शिळा मी सोडली. मित्रांनो, मी शेणव्याजवळचा करपा सुळका.

साडेसहा कोटी वर्षांपूर्वी जमीन फाटून तापलेला रस वाहिला आणि थिजून काळा दगड झाला. त्यावर माती साचली. मग दुसरा लोट आला नि ती माती विटेसारखी भाजली. माझ्या काळ्या अंगातला लाल पट्टा तो हाच. आजूबाजूचा डोंगर पावसाने नेला, मी उरलो. भेगांत मुरलेलं पाणी या पट्ट्यावर अडायचं आणि झरा होऊन बाहेर यायचं. पायथ्याची हौसा तिथेच हंडा भरायची.

दिवाळीआधी बाया भिंतींसाठी इथला गेरू न्यायच्या. पण काठीने खरवडून. लोखंड लावायचं नाही, अशी रीत. "करप्याची कंबर हाय ती," हौसाची सासू सांगायची.

दोन वर्षांपूर्वी खाणवाला किशोर आला. माझा काळा दगड त्याच्या सुरुंगांना दाद देईना. तिथे मजुरीला गेलेला हौसाचा नवरा काळूराम फुशारकीने म्हणाला, "शेठ, वर कशाला मरता? खालची लाल पोखरा. वरचा आपसूक उतरंल." आणि पहार मारून दाखवली.

आठ महिन्यांत पोकलेनने माझी कंबर खाल्ली. झरा आटला. मी किशोरला विसरलो नाही. काळूरामलाही नाही.

मंगळवारी संध्याकाळी हौसा कोरड्या झऱ्याशी आली. मागोमाग काळूराम.

"बघितलंस, वरचा कसा उतरतो त्यो?" ती म्हणाली.

"गप गो. त्याचा राग शेठवर हाय."

"खाली आधी खाण, मंग आपलंच घर. आणि पहिली पहार कोणाची रे?"

हौसाने लाल पट्ट्यावर हात ठेवला. "बाबा, त्या शेठला सोडू नको. पण आमाला घर हलवायला आठ दिस दे."

तिच्यासाठी मी राग आवरीन. वजन आवरता येत नाही. मित्रांनो, डोंगराची कंबर कुठे आहे ते आधी विचारा, मग पहार उचला.

आज शनिवार. माथ्याजवळची भेग काल दोन बोटं होती, आज चार आहे. हौसाच्या घराची अर्धी कौलं उतरली आहेत. सकाळी नऊला किशोरने दुसरं पोकलेन आणलं. ते लाल पट्ट्यापाशी उभं आहे. इंजिन चालू आहे.