डावीकडची हवा

स्टँडवरचे सगळे ड्रायव्हर त्याला पायलट म्हणत. त्यातली अर्धी थट्टा होती, पण ती त्याला कधी उमगली नाही. उलट तो खूशच व्हायचा. इस्त्रीचा पांढरा शर्ट, दाढी घोटलेली, गाडीत धुळीचा कण नाही. गिऱ्हाईक मागे टेकलं की हा आरशात बघून अदबीने सांगणार, "तापमान चोवीस ठेवलंय. काही कमीजास्त हवं असलं तर सांगा." कोणीही कधी काही सांगितलं नाही. चोवीस म्हणजे चोवीस, यात सांगण्यासारखं काय आहे?

गाडी अजून नवीच म्हणायची. तिचा एसी साधा नव्हता. साध्या एसीत माणूस आपणच बटणं पिळत बसतो, या गाडीत नुसता आकडा लावायचा. बाहेर ऊन आहे की बर्फासारखा वारा, आत किती गरम हवा सोडायची, किती गार, पंखा किती जोरात फिरवायचा, हे सगळं गाडी आपलं आपण ठरवते. शोरूममधल्या माणसाने हे एकदा समजावलं आणि पायलटने ते तोंडपाठ केलं. पुढच्या बंपरखाली एक सेन्सर, तो बाहेरची हवा बघतो. काचेजवळ एक, तो ऊन बघतो. स्टिअरिंगच्या बाजूला बारीक जाळी आहे, तिच्यामागे तिसरा, तो आतली हवा बघतो. स्टँडवर चहाच्या वेळी हे प्रवचन इतक्यांदा झालं होतं की तो "पुढच्या बंपरखाली" म्हणाला की लोक ग्लास घेऊन पांगायचे.

पण गाडीपेक्षाही ज्याचा त्याला अभिमान होता, ती गोष्ट म्हणजे आक्का. आई गेली तेव्हा हा शाळेतही जात नव्हता. थोरल्या बहिणीने त्याला वाढवलं, स्वतःचं लग्न लांबवलं, आणि आता ती एकटीच दोन खोल्यांत राहत होती, मूत्रपिंडं थकलेली. आठवड्यातून तीनदा डायलिसिस. नेणं-आणणं पायलटकडे. भाडं सोडायला लागलं तरी त्याने एक खेप चुकवली नाही, आणि चुकवली नाही हे सांगायलाही तो कधी चुकला नाही. गिऱ्हाइकं मागे बसायची; पुढची डावी जागा आक्काची. तिथे एरवी कोणी बसत नसे, त्याची बायकोसुद्धा नाही. तिला गाडीत बसायचा योग आलाच तर ती मागे, त्याच्या पाठीशी बसे.

थंडी सुरू झाली तशी आक्का म्हणायला लागली की गाडीत गार लागतं.

पायलटने आकड्याकडे बोट केलं. चोवीस. शिवाय डायलिसिसच्या नर्सबाईंनी सांगितलंच होतं की रक्त मशीनमधून फिरून आलं की पेशंटला थंडी वाजते. ते खरंही होतं. मग प्रश्नच मिटला. तरी भावाचं काळीज म्हणून त्याने आकडा सव्वीस केला. पंखा लगेच घोंघावायला लागला. "बघ, तुझ्यासाठी वाढवलं," तो म्हणाला. आक्काने शाल घट्ट ओढून घेतली आणि बाहेर बघत बसली. पुढच्या वेळी ती पायमोज्यांवर पायमोजे घालून आली.

मग एकदा तिने समोरच्या, हवा येते त्या जाळीची पट्टी हळूच फिरवून बंद केली. पायलटने गाडी चालवता चालवता हात लांब करून ती परत उघडली. असं मधेच बंद केलं की सिस्टिम गोंधळते, म्हणाला. तिच्या बाजूला आकड्याचं वेगळं बटण होतं, त्यालाही हात लावू नकोस म्हणाला, ऑटोवर आहे. आक्का जन्मात कोणाच्या वस्तूला हात लावून मोडणारी बाई नव्हती. तिने पुन्हा लावला नाही. घरी आल्यावर पायलटने बायकोला सांगितलं, आक्का हल्ली फार कुरकुर करते, वय झालं. बायको म्हणाली, एकदा मेकॅनिकला दाखवा की. यावर पायलट हसला. दिवसभर इतकी माणसं मागे बसतात, एकाने तोंडातून ब्र काढला नाही, आणि मेकॅनिकला काय सांगू, आमच्या आक्काला थंडी वाजते?

एका सकाळी आक्काचा फोन आला. आजपासून येऊ नकोस, मी हॉस्पिटलच्या व्हॅनने जाणार.

ती व्हॅन त्याला माहीत होती. गावभर फिरत पेशंट गोळा करायची, सीटचं स्पंज बाहेर आलेलं, खिडक्या खडखडणाऱ्या. पायलटला ते इतकं लागलं की तो भाडं सोडून तडक तिच्याकडे गेला. आक्का दारातच पिशवी घेऊन उभी होती. जिन्यात शेजारीण कुंडीला पाणी घालत होती, पण त्याला त्याचं भान राहिलं नाही. त्याने सगळं काढलं. कामधंदा सोडून येतो ते काढलं, ऊनपाऊस न बघता येतो ते काढलं, लोक काय म्हणतील तेही काढलं. सख्ख्या भावाच्या गाडीपेक्षा ते खटारं तुला गोड वाटतं का, असं विचारलं.

आक्का शांतपणे म्हणाली, "त्यात पाय गार पडत नाहीत रे."

"गार तुझ्या डोक्यात आहे, आक्का. गाडीत चोवीस आहे."

शेजारणीने वर बघितलं आणि पटकन कुंडीकडे नजर वळवली. आक्काचा चेहरा लहान मुलाला चारचौघांत रागावल्यावर होतो तसा झाला. ती कठड्याला धरून एकेक पायरी उतरली आणि व्हॅनमध्ये बसली. पायलट वर जिन्यातच उभा राहिला, आणि खरं सांगायचं तर तेव्हा त्याला आपलंच बरोबर वाटत होतं.

त्याच आठवड्यात एका गिऱ्हाइकाने मागून विचारलं की डॅशबोर्डमधून टकटक कसली येते. पायलटचे कान तापले. त्याच्या गाडीत आवाज! गिऱ्हाईक उतरल्या उतरल्या त्याने गाडी एसीवाल्याच्या गॅरेजला नेली. गिऱ्हाइकाने एकदा विचारलं तर त्याच दुपारी. आक्का अख्खा हिवाळा सांगत होती. हा हिशेब त्याच्या डोक्यात तेव्हा आला नाही, नंतर आला आणि मग जाईना.

एसीवाला भलताच बडबड्या. आधी म्हणाला गॅस कमी असणार. प्रेशर बघितलं, गॅस ठीक. मग म्हणाला आतल्या सेन्सरच्या जाळीत कचरा असणार. फुंकर मारली, कचरा नव्हता. मग तो स्वतः स्टिअरिंगच्या सीटवर बसला, म्हणाला मी बटणं बघतो, तुम्ही तिकडून बसा आणि आवाज नेमका कुठून येतो ते ऐका.

आपल्याच गाडीच्या डाव्या सीटवर पायलट पहिल्यांदा बसला.

टकटक त्याच्या गुडघ्यासमोरून येत होती. पण तो तिकडे लक्ष देऊ शकला नाही, कारण त्याच्या पायांवर गार हवेचा झोत येत होता. नडगीला झोंबत होता. समोरच्या जाळीतून दुसरा झोत थेट छातीवर. त्याने काचेखालच्या आकड्याकडे बघितलं. चोवीस. त्याने हात लांब करून उजवीकडच्या जाळीसमोर धरला. उबदार. परत आपल्यासमोर धरला. गार.

"सव्वीस करा बरं," तो म्हणाला. आवाज त्याचा त्यालाच ओळखू आला नाही.

एसीवाल्याने केलं. पंखा घोंघावला आणि गार झोत दुप्पट जोराने त्याच्या अंगावर आला.

एसीवाल्याने हात फिरवून बघितला आणि त्याला कोडं सुटल्याचा आनंद झाला. त्याने समजावलं. या गाडीत दोन्ही बाजूंना वेगवेगळी झडप असते, गरम आणि गार हवा किती मिसळायची ते ती ठरवते. झडप फिरवायला छोटी मोटर. डावीकडच्या मोटरचे प्लास्टिकचे दाते झिजलेत, म्हणून ती जागच्या जागी टकटक करते आणि झडप गारवरच अडकलीय. मागच्या सीटला मधल्या नळीतून हवा जाते, तिकडे कळत नाही. आणि गंमत अशी की आत हवी तेवढी ऊब होत नाही म्हणून गाडी पंखा वाढवत राहते, आणि डावीकडे आणखी गार हवा जाते.

"पण आकडा?" पायलटने विचारलं. "आकडा चोवीस दाखवतोय."

"आकडा म्हणजे तुम्ही मागितलेलं, साहेब. मिळालेलं नव्हे. तो काय थर्मामीटर आहे?" मग समोरचा कप्पा काढायला वाकता वाकता त्याने सहज विचारलं, "या सीटवर कोण बसतं?"

पायलट म्हणाला, "कोणी नाही."

"नशीब. बसणाऱ्याचे हाल झाले असते."

पायलट उतरून गॅरेजच्या भिंतीपाशी जाऊन उभा राहिला. पाय अजून गार होते, आणि चेहरा भाजत होता. जाळी बंद करणारा आक्काचा हात आणि ती परत उघडणारा आपला हात, दोन्ही त्याला लख्ख दिसत होते. आजारी बहिणीच्या छातीवर त्याने स्वतःच्या हाताने गार वारा सोडला होता आणि वर उपकार म्हणून जोर वाढवला होता. ते न कळता झालं, असं तरी म्हणता आलं असतं. पण आत्ता, सगळं कळल्यावर, एका परक्या माणसापुढे इज्जत जाऊ नये म्हणून त्याने तिला "कोणी नाही" करून टाकलं होतं. त्याला धरणीने पोटात घ्यावं असं वाटलं. धरणीला तेवढंच काम नसतं. एसीवाल्याने हाक मारली आणि त्याला जाऊन उजेडासाठी बॅटरी धरावी लागली.

मोटर बदलली. डावीकडे ऊब आली. एसीवाल्याने पाठीवर थाप मारली, तीही त्याला टोचली.

घरी त्याने बायकोला सांगितलं. सांगताना पुन्हा पुन्हा मोटरवर येत होता, प्लास्टिकचे दाते, हलका माल, कंपन्या काय काय करतात. बायकोने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "मोटर मला नका सांगू. वन्संना जाऊन सांगा. आणि मोटर सोडून सांगा."

दुसऱ्या दिवशी तो हॉस्पिटलच्या फाटकाशी जाऊन थांबला. आक्का बाहेर आली तेव्हा डायलिसिसनंतर असते तशी राखेच्या रंगाची झाली होती, हाताला कापसाची पट्टी. व्हॅन उभी होती. पायलट पुढे झाला. त्याने रात्रभर जुळवलेलं सगळं डोक्यातून गेलं आणि तो नेमकं तेच बोलला जे बोलायचं नव्हतं.

"आक्का, गाडीतच बिघाड होता. डावीकडची मोटर गेली होती. आता नवी टाकलीय."

"बरं झालं," आक्का म्हणाली.

"मी बसून बघितलं त्या सीटवर." फाटकावरचा वॉचमन बघत होता, बघू दे. "तू खरं बोलत होतीस. मी तुला वेड्यात काढलं. शेजारणीदेखत."

आक्काने त्याच्याकडे बघितलं. रागाने नाही, राग असता तर त्याला बरं वाटलं असतं. तिने व्हॅनवाल्याला हात करून जा म्हणून सांगितलं आणि म्हणाली, चल, वाऱ्यात उभा राहू नकोस. एवढ्यावर तिने मिटवलं. पायलटने दार उघडलं, तिला बसवलं, पट्टा लावून दिला. इतकं स्वस्तात सुटलो याचीच त्याला लाज वाटत होती, पण त्या लाजेत थोडं हायसंही वाटलं.

गाडी निघाली. त्याने डावीकडच्या जाळीसमोर हात धरून बघितला, ऊब होती. पायांपाशीही असणार. पण आक्काने दोन्ही हात काखेत दाबून धरले होते. ही मशीनची राहिलेली थंडी आहे, की गाडीच अजून गार आहे, की नुसती सवय, हे त्याला बाहेरून कळेना. त्याने विचारलं, "आक्का, गार लागतंय का?"

आक्काने आधी काचेखाली बघितलं. आकडा वाचला. मग म्हणाली, "चोवीस आहे ना. नाही लागत."

तिच्या बोलण्यात टोमणा नव्हता. तो शोधत होता, नव्हताच. अख्खा हिवाळा त्याने तिला हेच शिकवलं होतं, की स्वतःच्या अंगाला काय वाटतं ते आधी तिथे वाचायचं आणि मग बोलायचं, आणि ती शहाण्यासारखी शिकली होती. उद्या तिला ताप आला, छातीत दुखलं, तरी ती आधी बघेल की भावाला काय म्हटलेलं चालेल. मोटर बदलता आली. हे बदलून देणारं गॅरेज त्याला माहीत नव्हतं.

सिग्नल लागला. पायलटने गाडी थांबवली आणि डावा हात उचलून तो आकडा तळव्याखाली पूर्ण झाकला.

"आता सांग," तो म्हणाला. "गार लागतंय का?"

आक्का त्याच्या हाताकडे बघत राहिली. मागच्या गाडीने हॉर्न दिला.

"सिग्नल सुटला," ती म्हणाली.