अजाकची जागा

आमच्याकडे चर्चमध्ये पुढची जागा रिकामी ठेवत नाहीत. उपासना सुरू व्हायच्या आधी पंचांपैकी कुणीतरी मागं वळून हाक मारणारच, "पुढं सरका, प्रभूच्या पुढ्यात जागा मोकळी सोडू नका." जालन्याजवळच्या आमच्या लहान चर्चमध्ये मी जन्मभर हे ऐकलं. म्हणून बर्मिंगहॅममध्ये त्या रविवारी मी जे केलं ते ठरवून केलं नाही. पाय आपोआप तिकडे गेले.

दोन हजार सहा साल होतं. माझी मुलगी वैजयंती इथं नर्स आहे. आमचे हे गेल्यावर तिनं मला बोलावून घेतलं. घराजवळच्या चर्चमध्ये सकाळी इंग्लिश उपासना व्हायची. सगळं हळू आवाजात. माणसं खोकायचीसुद्धा तोंडावर हात धरून. मला इंग्लिश कळत नसे, पण एखाद्या गीताची चाल ओळखीची निघाली की मी तिच्यावर आपले मराठी शब्द घालून गुणगुणायची. त्या दिवशी उपासना संपली, वैजयंती कुणाशी तरी बोलत उभी राहिली, आणि मागच्या हॉलमधून ढोल ऐकू आला.

कातड्याचा ढोल. एवढ्या दिवसांत असा आवाज कानावर पडला नव्हता. मी उठले आणि आवाजामागं गेले.

आत सगळी उंचच उंच, काळीभोर माणसं. बायकांच्या हातात लाकडाचे मोठाले क्रूस होते आणि गाताना त्या ते वर उचलत होत्या. सगळे बसलेले. फक्त पुढच्या रांगेत एकजण काखेतल्या कुबडीवर भार देऊन उभा होता. त्याचा डावा पाय गुडघ्याखाली सुजून खांबासारखा झाला होता. त्याच्या मागं त्याची खुर्ची, आणि शेजारी आणखी एक खुर्ची रिकामी. मी सरळ पुढं गेले आणि त्या खुर्चीवर बसले. वर त्याची बाही ओढून म्हटलं, "बसा की हो, पाय दुखत असेल."

ढोल थांबला.

हातातले क्रूस होते तिथंच राहिले. तो माणूस माझ्याकडे बघत होता, रागानं नाही. एखाद्याला दिवसाढवळ्या आपलं माणूस रस्त्यावर दिसावं आणि ते तर कधीच गेलेलं असावं, तसं.

तेवढ्यात दारातून वैजयंतीचा आवाज आला, दबका पण करवतीसारखा, "आई! ऊठ तिथून!"

"अगं, रिकामी होती."

"रिकामी नाहीये ती, मुद्दाम सोडलेली असते. आई, प्लीज ऊठ."

मी उठले. ढोलाजवळ बसलेली एक म्हातारी बाई वैजयंतीशी इंग्लिशमध्ये काहीतरी बोलली. तिचं नाव रिबका, हे नंतर कळलं. मग गाणं पुन्हा सुरू झालं, पण त्यात मघाचा जोर नव्हता. मी मागं भिंतीला टेकून उभी राहिले. शरमेनं माझे कान तापले होते.

उपासनेनंतर चहा झाला. तो उंच माणूस कुबडी टेकत माझ्याकडे आला. अब्राहाम त्याचं नाव. पन्नाशीच्या आतलाच असावा, पण केस पांढरे. मी हात जोडून म्हटलं, "सलाम भाऊ. चूक झाली." वैजयंतीनं ते सांगितलं. त्यानं मान हलवली आणि सांगायला लागला. तो इंग्लिशमध्ये बोलायचा, वैजयंती मला मराठीत सांगायची, आणि मधेच ती स्वतःच थांबून त्याच्याकडे बघत राहायची.

ही सगळी माणसं दक्षिण सुदानची. त्यांच्या देशात वीस-बावीस वर्षं आपसांत लढाई चालली, आदल्याच वर्षी तह झाला होता. अब्राहाम त्या लढाईत शिपाई होता, पण तह व्हायच्या कितीतरी वर्षं आधीच इकडं आलेला. त्यांच्या तुकडीजवळ पाळक नव्हता, चर्चची इमारत नव्हती. चिंचेच्या झाडाखाली उपासना. रोज सूर्य मावळताना सगळे एका रांगेत उभे राहून प्रार्थना करायचे. त्यांच्यात अजाक नावाचा एक शिपाई होता. तो गाणी रचायचा. पेन नाही, कागद नाही, डोक्यातच रचायचा आणि चालता चालता सगळ्यांना शिकवायचा. आणि तो क्रूस बनवायचा. एकदा त्यांच्यावर बॉम्ब टाकणारं विमान रानात कोसळलं. अजाकनं त्याचा पत्रा तोडून आणला, दगडावर ठोकला आणि तुकडीतल्या प्रत्येकाला एकेक क्रूस करून दिला.

"ज्यानं तुमची माणसं मारली, त्याचाच पत्रा?" मी विचारलं.

अब्राहाम म्हणाला, "अजाक म्हणायचा, प्रभूलासुद्धा त्याला मारायला आणलेलंच लाकूड मिळालं होतं."

माझ्या हातातला चहा तसाच राहिला.

मग त्यानं त्यांची रीत सांगितली. ती त्यांच्या जमातीची नव्हे, त्या तुकडीनंच रानात घालून घेतलेली. रांगेतला कुणी मेला तर त्याची जागा भरायची नाही. तेवढं अंतर सोडून उभं राहायचं. त्याचा क्रूस शेजारच्यानं घ्यायचा आणि त्याच्या आईपर्यंत पोचवायचा. आई येऊन त्या जागेवर बसली, तिनं क्रूस हातात घेऊन पोराला घरी बोलावलं, की तो सुटला. तोवर ज्याच्याकडे क्रूस आहे त्यानं प्रार्थनेत बसायचं नाही. दोघांच्या वतीनं उभं राहायचं.

"शेवटी शेवटी रांगेत माणसं कमी आणि जागा जास्त झाल्या," अब्राहाम म्हणाला. "पण रांगेची लांबी तेवढीच राहिली. या टोकाला मी, त्या टोकाला कुणीतरी, मधे सगळं मैदान. तिकडून गाण्याची ओळ यायची, मी पुढची म्हणायचो."

मी डोळे मिटले तर मला ती रांग दिसली. मावळतीला मोकळ्या मैदानात चार-दोन माणसं लांब लांब उभी आहेत, एकमेकांना ओरडून गाणं सांगताहेत, आणि मधल्या जागांत कुणीच नाही आणि सगळे आहेत. आयुष्यभर मी देवाचं नाव घेतलं. एवढी मोठी उपासना मी कधी पाहिली नव्हती.

अजाक एका दलदलीत जिवानिशी गेला. बाकीचे क्रूस एकेक करून आयांपर्यंत पोचले. अजाकचा तेवढा अब्राहामकडे राहिला. त्याच्या आईला अब्राहामनं निर्वासितांच्या किती छावण्यांतून शोधलं. या उन्हाळ्यात निरोप आला की ती केव्हाच वारली होती. आणि त्या रांगेतला आता अब्राहाम एकटाच उरला होता.

वैजयंती त्याच्या पायाकडे बघत होती. नर्सच ती. तिनं विचारलं तेव्हा त्यानं सांगितलं, की जुनी गोळी लागलेली, हाड आतून कुजलंय, डॉक्टर गुडघ्याखाली पाय कापायचा म्हणतात. तो नको म्हणत होता.

घरी येताना वैजयंती म्हणाली, "आई, ते विष अंगात पसरलं तर हा माणूस जाईल. महिनाभरसुद्धा काढणार नाही."

"मग कापून का घेत नाही? पायाचा मोह?"

"पायाचा नाही गं. म्हणतो, भूल दिल्यावर मी उठलोच नाही तर अजाकचा क्रूस माझ्याबरोबर पुरतील. मग त्याच्यासाठी उभं राहणारं कुणी नाही."

माझा जावई अतुल रात्री जेवताना म्हणाला, "आई, बावीस वर्षांच्या लढाईनंतर तह झाला होता. तुम्ही दोन मिनिटांत तो मोडलात."

"हसा अतुलराव, हसा," मी म्हटलं. पण ताट अर्धंच ठेवून उठले.

गुरुवारी दुपारी दारावरची बेल वाजली. रिबका आणि आणखी दोघी. आमच्या पुढच्या खोलीत त्या तिघी बसल्या तर सोफा खेळण्यातला वाटायला लागला. वैजयंतीची सुट्टी होती. मी चहा केला, आलं घालून. रिबकानं एक घोट घेतला, डोळे मिटले आणि काहीतरी बोलली.

"म्हणतात, इंग्लंडात आल्यापासून पहिल्यांदा चहा प्यायला," वैजयंती म्हणाली.

मग रिबकानं कप खाली ठेवला. "तुम्हाला त्या खुर्चीवर बसायला कुणी सांगितलं होतं?"

"कुणी नाही. आमच्याकडे पुढची जागा रिकामी ठेवत नाहीत."

त्या तिघी आपसांत बराच वेळ बोलल्या. मग रिबका म्हणाली, "इतक्या वर्षांत त्या खुर्चीवर कुणी बसलेलं नाही. पोरंसोरं धावतात, पण तिथं चुकूनही नाही. दुसरी मंडळी येतात, तीही नाही. तुम्ही आलात आणि बसलात. आणि बसल्या बसल्या अब्राहामला म्हणालात, बस. हे आईच म्हणते. आम्हाला वाटतं, अजाकला तुम्ही बोलवावं."

"नाही, नाही. मी त्याची आई नाही. त्याचं तोंड मी पाहिलं नाही. देवाच्या घरात खोटं कसं बोलू? वैजू, सांग त्यांना."

वैजयंतीनं सांगितलं. रिबकानं वाद घातला नाही. जाताना तिनं माझे दोन्ही हात धरले.

अक्षरं मी पन्नाशीनंतर शिकले, शुभवर्तमान आपल्या डोळ्यांनी वाचावं म्हणून. अजूनही ओळीखाली बोट धरूनच वाचते. दुसऱ्या दिवशी सकाळी तांदूळ भिजत घातले आणि प्रभूच्या मरणाचं पान काढलं. तिथं तो वधस्तंभावर आहे आणि खाली त्याची आई उभी आहे. तो तिला शिष्याची आई करून देतो, शिष्याला तिचा मुलगा. तिनं त्या शिष्याला जन्म दिला नव्हता. पण हे खोटं आहे असं ती म्हणाली नाही. त्याच्या घरी राहायला गेली. हे पान मी किती वेळा वाचलं होतं. त्या दिवशी बोट तिथून पुढं सरकेना.

रविवारी मी माझी पांढरी साडी नेसले. वैजयंतीला वाटलं सकाळच्या उपासनेसाठी. मी म्हटलं, "ती झाली की हॉलमध्ये जायचंय."

"आई, नक्की?"

"नक्की काही नाही. पण तो किती दिवस उभा राहणार?"

हॉलमध्ये ढोल चालू होता. मी मधल्या वाटेनं पुढं गेले. गेल्या वेळी पाय आपोआप गेले होते, या वेळी एकेक पाऊल उचलून टाकावं लागलं. खुर्चीजवळ थांबून अब्राहामकडे पाहिलं. त्याचा चेहरा तापानं चकाकत होता. मी बसले. ढोल थांबला.

अब्राहामनं शर्टाच्या आतून दोरी काढली. तिला दोन क्रूस होते, त्यातला एक सोडवून त्यानं माझ्या तळहातावर ठेवला. बोटाएवढा. पत्र्यावर हातोडीचे नव्हे, दगडाचे घाव. अंगाच्या उबेनं गरम झालेला. मला एकदम कळलं, की ही ऊब इतकी वर्षं कधी विझू दिलेली नाही.

रिबकानं वैजयंतीच्या कानात सांगितलं. वैजयंती म्हणाली, "आई, तिन्हीसांजेला मुलाला हाक मारतात तशी मार. तुझ्या भाषेत."

मग मी आमच्या दाराचा उंबरठा डोळ्यांपुढं आणला, समोरचं चिंचेचं झाड आणलं, आणि पोटातून हाक मारली.

"अजाक! अरे ए अजाक! दिवेलागण झाली. किती वेळ बाहेर राहायचं? ये रे लेकरा घरी. भाकर निवायला लागली."

त्या हॉलच्या भिंती विटांच्या, वर साधे बल्ब. पण ती हाक भिंतीला लागून परत आली नाही. मी शपथेवर सांगते, ती लांब गेली. कुठल्या तरी मोठ्या मैदानावरून जावी तशी गेली, आणि सगळी माणसं तिच्या मागं कान लावून बसली.

मग माझ्या शेजारची खुर्ची करकरली. अब्राहाम बसला होता. कुबडी जमिनीवर पडली होती. त्यानं गुडघ्यांवर हात ठेवले आणि एवढा मोठा श्वास सोडला की त्याचे खांदे निम्म्यानं खाली आले. आणि तो बसला तशी बाकीची सगळी माणसं उभी राहिली, म्हातारी, पोरं, कडेवरच्या बाळांसकट. कुणी सांगितलं नव्हतं. एका टोकाकडून रिबकानं गाण्याची ओळ उचलली, दुसऱ्या टोकाकडून पुढची आली. अजाकचं गाणं ते. आम्ही दोघं तेवढी बसलेली.

त्याच आठवड्यात ऑपरेशन ठरलं. मी आणि वैजयंती सकाळीच हॉस्पिटलमध्ये गेलो. अजाकचा क्रूस माझ्या गळ्यात होता. अब्राहाम ट्रॉलीवर आडवा होता आणि त्याची उंची ट्रॉलीत मावत नव्हती. मला पाहून त्यानं विचारलं, "त्या दिवशी तुम्ही अजाकला काय म्हणालात?"

वैजयंतीनं सांगितलं, "अंधार पडला, घरी ये, भाकर गार होतेय."

तो हसायला लागला. इतका हसला की ट्रॉली ढकलणारा थांबला.

"अजाक जेवायला नेहमी उशीरच करायचा," तो म्हणाला. "आम्ही त्याच्या वाटणीचं झाकून ठेवायचो."

"मग ठेवते झाकून," मी म्हटलं. "आणि तुझंही. लवकर ये."

त्यांनी ट्रॉली आत नेली. दार मिटेपर्यंत मला त्याचे हात दिसत होते. दोन्ही बाजूंना मोकळे सोडलेले, निजलेल्या लेकराचे असतात तसे. मी बाकावर बसले आणि वाट बघू लागले.