नववा दात

मित्रांनो, मला पूर्वी नऊ दात होते, आता आठ आहेत. नववा पॅरिसच्या वाळूत राहिला. लाकडाच्या दाताळ्याने पॅरिसची गोष्ट सांगावी हे माझे मलाच पटत नाही, पण ती सांगणारे आता दुसरे कोणी उरलेले नाही. चुकले तर सांभाळून घ्या. मला डोळे नाहीत. दातांना जे लागले आणि जवळ जे बोलले गेले, तेवढेच मला ठाऊक.

माझा जन्म लाटवियाच्या किनाऱ्यावरचा, कोळ्यांच्या गावातला. येकाब्स स्ट्राउमे याने मला अ‍ॅश झाडाच्या लाकडातून घडवले आणि ओकचे नऊ दात बसवले. ते काम संपवून तो समुद्रावर गेला. आठ दिवसांनी परत आणला तो पुरण्यासाठीच. म्हणून माझे पहिले काम त्याच्याच थडग्यावर झाले.

आमच्याकडची दफनभूमी पाइनच्या झाडांखाली, पांढऱ्या वाळूत आहे. दर शनिवारी बायका येतात, गळलेली सुईसारखी पाने गोळा करतात आणि वाळू विंचरतात. मग आपली पावले पुसत, उलट्या चालीने फाटकापर्यंत येतात. येकाब्सची बायको लवीझे मुलांना सांगायची की वाळूवर एक जरी पाऊल राहिले, तर कोण आले होते ते बघायला झोपलेली माणसे उठतात. त्यांना उगाच उठवू नये.

तिला दोन मुलगे होते, इंद्रिकिस आणि आठ वर्षांनी धाकटा मिकेलिस. इंद्रिकिसला लांब उडीचे वेड होते. टेकाडामागे वाहून आलेली एक फळी पुरून तो अनवाणी धावत यायचा आणि उडी मारायचा. टाचा उमटल्या तिथे मिकेलिस पाइनचे बोंड ठेवायचा आणि मग माझ्याकडून वाळू सारखी करून घ्यायचा. त्या दिवसांत मी दिवसाला चाळीस चाळीस वेळा वाळूवर दात फिरवत होते, हसत होते म्हणा ना.

मग लढाई आली. इंद्रिकिस बंदूक घेऊन गेला आणि नाताळाच्या थंडीत रीगाजवळच्या दलदलीत नाहीसा झाला. त्याची टोपीसुद्धा घरी आली नाही. लवीझेने नवऱ्याच्या शेजारी एक रिकामा चौकोन आखला आणि तोही विंचरू लागली.

काही दिवसांनी त्या चौकोनात टाचा उमटू लागल्या. दोनच, अनवाणी, खोल, जणू कोणी दुरून येऊन उतरले होते. येणारी पावले नव्हती, जाणारीही नव्हती. त्या खड्ड्यांत माझे दात शिरले की चिकट, थंड चिखल लागायचा. आमच्या वाळूत तसा चिखल कुठेच नाही.

एका शनिवारी लवीझेने धाकट्याला विचारले, "थोरल्याच्या जागेवर तू उडी मारलीस का रे?"

"नाही, आई."

ती म्हणाली, "मग मारू दे त्याला. दुसरं येत काय होतं त्याला?"

तेव्हापासून मिकेलिस त्या फळीवरून उडी मारू लागला. तो बोलायचा कमी, मारायचा लांब. सहा वर्षांचा आमचा देश पहिल्यांदाच आपले खेळाडू पॅरिसच्या ऑलिंपिकला पाठवणार होता, त्यांत त्याची निवड झाली. निकालात नुसते आडनाव छापतात, असे कोणीतरी लवीझेला सांगितले होते. ती म्हणाली, "मग ते दोघांचं होईल. एकदा मोजून घे नि छापून आण. थोरल्याचं नाव कुठल्याच दगडावर नाही." मिकेलिस हो म्हणाला. पॅरिसला तो जात होता ते तेवढ्यासाठी.

तिने माझा दांडा कापून आखूड केला आणि मला त्याच्या पिशवीत घातले. परक्या वाळूत आपले पाऊल ठेवून येऊ नकोस, असे तिने बजावले.

आगगाडीत थाळीफेक करणारा रुडिस शेजारी होता. धुरी दिलेले मासे आणि काळा पाव खात तो दोन दिवस माझ्यावरून मिकेलिसची टिंगल करत होता. "फ्रेंचांचं गवत ओढून देणार आहेस का रे? मजुरी ठरवून घे आधी." पॅरिसला पोचल्यावर मात्र त्याचाही आवाज खाली आला. मैदानात शिरताना आमचा फलक पाहून एका माणसाने त्याला विचारले म्हणे, हा देश कुठे आहे. रुडिसने मिकेलिसला सांगितले, "मी म्हटलं, परवापर्यंत आम्हालाही ठाऊक नव्हतं." दोघे हसले, पण थोडेच.

उडीच्या दिवशी मी खड्ड्याच्या काठावर, त्याच्या स्वेटरवर पडून होते. पहिल्या उडीला त्याचा पाय फळीच्या पुढे पडला, उडी बाद. दुसऱ्या उडीलाही तेच. उरली एक.

तिसऱ्या वेळी धावण्याचा आवाज आला, आणि मित्रांनो, हे सांगताना मला अजून शंका येते, तो आवाज एका माणसाचा नव्हता. बुटांच्या खिळ्यांच्या मागोमाग अनवाणी पावले येत होती. फळी एकदाच वाजली. वाळू दोनदा हलली.

मिकेलिस उठला, बाजूला झाला आणि तिथेच थांबला. उडी मोजणारा फीतवाला येताना ऐकू येत होता, दहा पावलांवर असेल. तेवढ्यात मिकेलिसने मला उचलले आणि घरी वाळू सारखी करतो तशी, उलटे सरकत, वाळू विंचरली. माझे दात आधी त्याच्या टाचांतून गेले. वीतभर पुढे आणखी दोन टाचा होत्या. त्यांत तोच चिकट, थंड चिखल होता. तिथे काहीतरी अडले आणि माझा नववा दात मोडला.

मग आरडाओरडा झाला. फीतवाला वाळूवर हात मारत काहीबाही बोलत राहिला. मोजायला काही उरलेच नव्हते.

रुडिस धावत आला. "अरे, काय केलंस हे? सात मीटरच्या पलीकडे होती. मी पाहिली इथून."

मिकेलिसने विचारले, "कुठली?"

रुडिसने पुन्हा त्याची टिंगल केली नाही, परतीच्या वाटेवरसुद्धा नाही.

वर्तमानपत्र त्याच्या आधी गावात पोचले होते. त्यात म्हणे स्ट्राउमे हे नाव होते आणि आकड्याच्या जागी एक आडवी रेघ. लवीझेने त्याला ती रेघ दाखवली नाही. काय झाले एवढेच विचारले. त्याने सगळे सांगितले.

"खूण पुसलीस?"

"त्याची होती, आई. परक्या लोकांसमोर उघडी कशी ठेवायची?"

"म्हणजे त्याला तिथेच निजवून आलास," ती म्हणाली.

त्या उन्हाळ्यात चौकोनात टाचा उमटल्या नाहीत. लवीझे रोज जायची, शनिवार असो नसो. वाळू तशीच असायची. मिकेलिस तिच्या मागे चार पावलांवर उभा राहायचा. त्याने उडी मारणे सोडले. थंडीच्या तोंडाशी त्याने माझ्यासाठी ओकचा नवा दात तासला, बहुधा काहीतरी सुधारावे म्हणून. तो बसवायला त्याने मला हातात घेतले, तेव्हा लवीझेने त्याला चौकोनाकडे नेले.

मोडक्या दाताच्या जागी वाळूत चार बोटे रुंदीची एक पट्टी न विंचरलेली राहत असे. त्या पट्टीवर दोन टाचा होत्या. अनवाणी, खोल.

लवीझेने तो नवा दात मुलाच्या हातातून काढून घेतला आणि एप्रनच्या खिशात टाकला. "राहू दे असंच," ती म्हणाली. वीस वर्षे मी तसेच राहिले. ती गेली तेव्हा एप्रन तिच्या अंगावरच होता.

पुढच्या लढाईत मिकेलिस होडीने समुद्रापलीकडे गेला. मला त्याने फाटकापाशी टेकवून ठेवले. गावात लोखंडी दाताळी आली. माझा दांडा भेगाळला, मी जमिनीवर पडले, माझ्या अंगावर शेवाळ चढले. मग मला कोणी तरी अवजारांच्या खोलीत टाकले, आणि पुष्कळ वर्षे कोणी विचारले नाही.

आता दफनभूमीची राखण करणारी झेल्मा ही भली बाई आहे. लवीझेच्या जागेशेजारचा चौकोन ती माझ्यानेच विंचरते, लोखंडाने वाळू फार खोल उकरली जाते म्हणून. काल तिने मला तेल लावले. तिची शेजारीण म्हणाली, हे जाळायच्या लायकीचे झाले. झेल्मा म्हणाली, "जाळू कशाला? एक दातच तर कमी आहे." तिने पांढरा, नवा दात तासून खिडकीत ठेवला आहे. शनिवारी बसवणार आहे.

मित्रांनो, वस्तू जपाव्यात, मोडल्या तर दुरुस्त कराव्यात, हे तुम्हाला शिकवतात आणि ते बरोबरच आहे. पण दुरुस्तीला हात लावण्याआधी, ती इतकी वर्षे मोडकी का ठेवली होती, एवढे कोणाला तरी विचारा. मला विचारणारे कोणी नाही आणि झेल्माला माझे बोलणे ऐकू जात नाही.

दोन हिवाळ्यांपासून त्या पट्टीच्या कडेने जाताना माझ्या दातांना चार टाचा लागतात. दोन अनवाणी, दोन खिळ्यांच्या बुटांच्या. बुटांच्या टाचा वीतभर मागेच असतात.

शनिवारच्या आत तुमच्यापैकी कोणी इकडे आलात, तर झेल्माला सांगाल का?