पाठीवरचे चिमटे

मित्रांनो, मी एक जुना तपकिरी कोट आहे. माझी कोपरे झिजली आहेत आणि एक बटण भलत्याच रंगाचे आहे. तरी माझी कीव करू नका.

शिंप्याने मला बेतले होते एका जाडजूड निवेदकासाठी. टीव्हीवरच्या प्रश्नमंजुषेच्या पहिल्याच दिवशी त्याचा घसा बसला आणि ऐनवेळी त्याच्या सडपातळ मदतनिसाला खुर्चीवर बसवण्यात आले. हेच माझे मालक. त्यांच्या अंगावर मी गोणपाटासारखा लोंबत होतो. कपडेपटातल्या बाईंनी माझी पाठ कपडे वाळत घालायच्या चिमट्यांनी आवळली. समोरून मी अगदी बेतशीर दिसू लागलो. कॅमेऱ्याला पाठ दिसत नाही.

निवेदक परतला नाही आणि चिमटेही सुटले नाहीत. कार्यक्रम इतका गाजला की मालकांना चित्रपटांतून बोलावणी येऊ लागली. नायकाला एक प्रश्न विचारायचा आणि निघायचे. पडद्यावर त्यांच्या नावापुढे झळके, 'स्वतःच्या भूमिकेत'. मालकीणबाई विचारायच्या, "तिथे तुम्ही स्वतः असता, मग घरी कोण असतं?"

पुढे कार्यक्रम बंद पडला. मी कपाटात डांबरगोळ्यांच्या शेजाराला गेलो.

परवा पुन्हा एका चित्रपटाने बोलावले. मालकीणबाईही सोबत आल्या. दिग्दर्शकाने मालकांचे पिकलेले केस न्याहाळले आणि अदबीने सांगितले की लोकांना तुम्ही तुम्हीच वाटणार नाही. हा तरुण नट तुमचे काम करील, तुम्ही फक्त कोट द्या. मालकांचा चेहरा उतरला. नटाने मला चढवले. एकही चिमटा न लावता मी त्याला चपखल बसलो. सगळे खूश झाले.

मालकीणबाई तेवढ्या म्हणाल्या, "याला चिमट्यांशिवाय बसतोय, म्हणजे हा काही ते नव्हे."

मालकांनी हात पुढे केला. "काढ तो, बाळा. अजून मी आहे ना."

मालकीणबाईंनी पिशवीतून चिमटे काढून माझी पाठ आवळली. मालकांनी प्रश्न विचारला, तोच जुना आवाज. पाठ फिरवू नका, एवढीच अट घालून दिग्दर्शक तयार झाला होता. मालक उठले, वळले आणि रंगीबेरंगी चिमटे मिरवत सावकाश दाराबाहेर गेले. दिवे सांभाळणारे हसले, मग टाळ्या पडल्या. दिग्दर्शकाने टिपलेले दृश्य पुन्हा पाहिले. "राहू दे," तो म्हणाला. "हेच ठेवू."

मित्रांनो, आम्हा जुन्यांना ऊन दाखवा, उसवलेले शिवा, बटण तुटले तर लावा. मात्र कोणी सांगितले म्हणून मला उसवून नव्या मापाचा करू नका. मी ढगळ आहे. मी त्यांचा आहे.